जाडद्वेषाची तिसरी चिठ्ठी

“आधी वस्तू दाखवा मगदूमबाई, मग शब्द घेऊ,” आमचे संपादक केळवकर सर म्हणाले आणि त्यांनी माझ्या दोन्ही चिठ्ठ्या टेबलावरून परत माझ्याकडे सरकवल्या.

सोमवार होता. सांगलीत हळदीच्या एका गोदामावर आमचं कोशाचं कार्यालय होतं. खाली पोती, वर शब्द. चिठ्ठ्यांनाही हळदीचा वास यायचा आणि घरी गेलं की साडी झटकावी लागायची. मराठी कोशाच्या पुरवणी खंडाचं काम संपत आलं होतं आणि त्या शुक्रवारी ‘ज’चा खण बंद होणार होता. आधीची पुरवणी निघून पंधरा वर्षं झाली होती, म्हणजे आता राहिलेला शब्द आणखी पंधरा वर्षं राहिला. मला त्यात ‘जाडद्वेष’ हवा होता.

आमची पद्धत फार साधी आणि फार जाचक होती. शब्द आत यायचा तर त्याच्या वापराच्या निदान तीन चिठ्ठ्या लागत. चिठ्ठीवर शब्द, तो ज्या वाक्यात आला ते वाक्य, कोण म्हणालं, कुठे, कधी आणि शेवटी शेरा. तिन्हींपैकी एक चिठ्ठी ऐकीव पाहिजे, म्हणजे कोणीतरी बोलण्याच्या ओघात तो शब्द वापरलेला आपण कानांनी ऐकलेला पाहिजे. व्याख्यानातलं चालायचं नाही, मुद्दाम म्हणायला लावलेलं चालायचं नाही आणि ज्याने शब्द सुचवला त्याचं स्वतःचं बोलणं तर मुळीच नाही. नुसता लिहून किंवा छापून आलेला शब्द सरांच्या लेखी पाहुणा होता.

माझ्याकडे दोन पाहुणे होते. एक इचलकरंजीच्या शिक्षिकेचं पत्र. त्यांच्या वर्गातल्या मुलीला, पाठांतर आणि ताल चोख असताना, केवळ रांग ‘बरी दिसत नाही’ म्हणून लेझीम पथकातून काढलं होतं. बाईंनी लिहिलं होतं, ‘याला शिस्त म्हणत नाहीत, हा सरळसरळ जाडद्वेष आहे. कोशात शब्द असेल तर कळवावे, नसेल तर घालावा.’ दुसरी चिठ्ठी एका रविवार पुरवणीतल्या लेखाची. तिसरी नव्हती.

“तिसरी मी देतो की,” आमचे सहायक राजाराम लोंढे भडंगाचा बकाणा भरत म्हणाले. “आत्ता म्हनून दाखवतो, ऱ्हावा.”

“मागून आणलेलं चालत नाही, लोंढे,” सर म्हणाले. मग माझ्याकडे वळून त्यांनी खरी गोष्ट सांगितली. त्यांना त्या शब्दामागची वस्तूच मान्य नव्हती. आपल्याकडे चेष्टा असते, थट्टा असते, काळजीही असते. द्वेष हा फार मोठा शब्द झाला, आणि पेपरवाल्यांच्या सोयीसाठी कोश नसतो, असं त्यांचं म्हणणं. बोलताना ते जाडद्वेषाला ‘तो शब्द’ एवढंच म्हणत होते. सर शिडशिडीत, सत्तरीचे, मोजून दोन पोळ्या खाणारे. कोणाचं वाईट चिंतणारा माणूस नव्हे. म्हणून तर मला जास्त राग आला.

आता माझ्याबद्दल सांगायला हवं. मी तेव्हा अडतीस वर्षांची होते आणि जाड होते. आजही आहे. शाळेतही होते. ‘स्थूल’, ‘भरलेल्या अंगाची’, ‘सुदृढ’ हे सगळे शब्द मी लोकांच्या तोंडून ऐकले आहेत आणि त्यांच्यापेक्षा ‘जाड’ मला बरा वाटतो, कारण त्यात लपवाछपवी नाही. पण जाड असण्यावरून जे काही वाट्याला येतं त्याला एक नाव असावं, आणि ते कोशात क्रमाने, ‘जाडजूड’ आणि ‘जाडाभरडा’ यांच्या जवळपास गुपचूप बसलेलं असावं, असं त्या पत्रानंतर माझ्या मनाने घेतलं. ती लेझीमवाली पोर मी पाहिली नव्हती. पण पथकातून काढल्यावर ती घरी जाऊन काय म्हणाली असेल ते मला पाठ होतं. ती म्हणाली असेल, मलाच कंटाळा आला होता.

मंगळवारपासून मी कान उघडे ठेवून गावभर फिरले. पहिली गेले हरभट रोडवरच्या शिंप्याकडे. त्याने टेप माझ्याभोवती नेली, समोरून ओढून घेतली आणि म्हणाला, “ताई, कापड जरा जास्तीचं आणा, मग बघू.” नंतर एका आहारतज्ज्ञ बाईंच्या दवाखान्यात बसले, नंबर न लावता. तिथे सगळ्या माझ्यासारख्याच. एकमेकींना आम्ही इतक्या सूचना दिल्या की मेथीच्या पाण्यापासून दोरीच्या उड्यांपर्यंत काही उरलं नाही. शब्द मात्र कोणी उच्चारला नाही. बुधवारी जयसिंगपूरला चुलत बहिणीचा साखरपुडा होता. तिथे मावशीने मला मिठाईचं ताट वाढलं आणि वाढता वाढता ‘तुला नको असेल ना’ म्हणून त्यातला पेढा काढून घेतला. मी ताबडतोब पिशवीतून चिठ्ठी काढली आणि मग लक्षात आलं, लिहिणार काय? वस्तू समोर ढीगभर होती. शब्द नव्हता. काढलेला पेढा मावशीने आपल्या तोंडात टाकला.

गुरुवारी मी हात हलवत कार्यालयात आले. अफसाना मुजावर आमच्याकडे चिठ्ठ्या संगणकात चढवायची. मिरजेहून रोज यायची, वर्षभरापूर्वी लग्न झालेलं, हात विजेसारखा. माझं तोंड बघून तिने विचारलं, “ताई, मिळालं?”

“वस्तू मिळाली. शब्द नाही.”

“सरांना वस्तूच पाहिजे होती ना?”

तिचं बोलणं ऐकून मी थबकले. तेवढ्यात काहीतरी आठवून मी ‘झ’चा खण ओढला. ‘झेपणे’ या क्रियापदाखाली एक ऐकीव चिठ्ठी असल्याचं मला पुसट आठवत होतं. ती सापडली. ‘जिना झेपेल ना तुम्हाला?’ वक्ता वा. के. केळवकर. स्थळ कोश कार्यालय. प्रसंग, कु. मगदूम यांची मुलाखत. अक्षर लोंढ्यांचं.

हा आमच्या धंद्याचा रोग होता. कोश करणारा माणूस चहा पितानाही कान टवकारून असतो. कोणी काही जिवंत बोललं की समोरचा खिशातून चिठ्ठी काढतो, लिहितो, खणात टाकतो. वाक्य कोणाला लागलं, कोणाला नाही, हे बघायचं नाही, शब्द बघायचा. आठ वर्षं आम्ही एकमेकांची बोलणी अशी प्रामाणिकपणे नोंदवून ठेवली होती. मी ‘अ’चा खण उघडला, ‘अगडबंब’ सापडला. ‘स’चा उघडला, ‘सुटणे’. मला हसूच फुटलं. सर वस्तू मागत होते आणि ती त्यांच्याच कपाटात, तारीखवार, हळदीचा वास घेऊन पडली होती.

“अफसाना, संगणकात शोध,” मी म्हटलं. “जाडपणावर बोललेली आपल्या कार्यालयातली जेवढी म्हणून ऐकीव वाक्यं आहेत तेवढी सगळी काढ. एकही सोडू नकोस.”

“सगळी?” तिने माझ्याकडे जरा वेगळ्या नजरेने पाहिलं.

“सगळी. शुक्रवारी वाचनात ठेवणार आहे मी.”

मी विजयाच्या धुंदीत होते. ती नजर मी तेव्हा वाचायला हवी होती.

शुक्रवारी तीन वाजता चिठ्ठीवाचन असायचं. त्याचाही एक शिरस्ता होता. शब्द सुचवणाऱ्याने चिठ्ठ्या वाचायच्या नाहीत, दुसऱ्याने वाचायच्या. आणि ऐकीव चिठ्ठीचा वक्ता खोलीत हजर असेल तर त्याने उभं राहून ‘माझंच वाक्य’ असं म्हणायचं, तेव्हाच ती चिठ्ठी खरी धरायची. सरांनीच घातलेला हा नियम, आणि ते स्वतःही तो कसोशीने पाळत.

मी मांडणी केली. तिसरी चिठ्ठी मिळाली नाही हे आधीच कबूल केलं. “पण सर, तुम्ही वस्तू मागितली होती. ती आणली आहे. एवढं ऐकून घ्या आणि मग हवं तर शब्द सोडून द्या.” सरांनी मान डोलावली. अफसाना गठ्ठा घेऊन उभी राहिली. गठ्ठा मला वाटला होता त्यापेक्षा जाड होता.

“अगडबंब,” तिने वाचलं. “‘एवढं अगडबंब कपाट कशाला मागवलं? मगदूमबाईंना आत ठेवायचंय काय?’ वक्ता राजाराम लोंढे. चहाच्या वेळी.”

लोंढे उभे राहिले. भडंगाची पुडी त्यांनी पाठीमागे धरली होती. “माझंच वाक्य,” ते म्हणाले आणि बसले. पुढची चिठ्ठी वाचली, पुन्हा उभे राहिले. पाच वेळा उठबस झाल्यावर त्यांना धाप लागली.

“सुटणे. ‘लग्नानंतर मी पण ताईंसारखी सुटले तर काय करू?’ वक्ता अफसाना मुजावर.” ती उभीच होती. तिने चिठ्ठी खाली केली, माझ्याकडे बघितलं आणि स्पष्ट म्हणाली, “माझंच वाक्य.”

मग ‘झेपणे’ आलं. सर उठले. “माझंच वाक्य. पण ती काळजी होती, बाई. जिना उंच आहे.”

“लोंढे रोज चढताना दोनदा थांबतात, सर. त्यांना कधी विचारलंत?”

“दमा हाय वो मला,” लोंढे म्हणाले. “सरांस्नी ठावंच न्हाई.”

सरांनी लोंढ्यांकडे आठ वर्षांत पहिल्यांदा पाहावं तसं पाहिलं. मग सावकाश खाली बसले. मला फार बरं वाटलं, खोटं कशाला बोलू. बारा चिठ्ठ्या झाल्या होत्या आणि तिघांचंही ‘माझंच वाक्य’ म्हणून झालं होतं. माझ्या मते काम संपलं होतं.

अफसानाच्या हातातला गठ्ठा मात्र संपला नव्हता.

“विमा,” तिने वाचलं, आणि तिचा आवाज जरा खाली आला. “‘मी पुन्हा बसायच्या आधी त्या खुर्चीचा विमा उतरवा.’ वक्ता कुंदा मगदूम.”

मी उभी राहिले नाही. म्हणजे मला कळलंच नाही की उभं राहायचं आहे. खिडकीखालच्या बाकावर मी बसले होते. आठ वर्षं मी तिथेच बसत होते. कार्यालयात हातांच्या चार लाकडी खुर्च्या होत्या, आणि पहिल्याच दिवशी त्यातल्या एकीने मला दोन्ही बाजूंनी असं धरलं की उठताना ती माझ्याबरोबर उठली. कोणी हसायच्या आत मी ते विम्याचं वाक्य टाकलं. सगळे पोट धरधरून हसले. मी बाकावर जाऊन बसले ती बसलेच. बाकाला पाठ नव्हती. संध्याकाळी माझी कंबर भरून यायची. पण गोष्ट विनोदाची झाली होती, मग खुर्ची मागणार कुठल्या तोंडाने?

“मगदूमबाई,” सर म्हणाले.

मी उभी राहिले. “माझंच वाक्य.”

“पोतं. ‘खालचं एक पोतं चुकून वर आलंय म्हणून सांगा.’ वक्ता कुंदा मगदूम.”

“माझंच वाक्य.”

“जमीन. ‘मी लेझीम खेळले तर जमीन माफी मागेल.’ वक्ता कुंदा मगदूम.”

हे मात्र मला आठवत होतं. गणेशोत्सवात मिरवणूक खालून चालली होती आणि अफसानाने मला ‘चला ना ताई’ म्हणून हात धरून ओढलं होतं. माझे पाय आतल्या आत ठेका धरत होते. शाळेत सातवीपर्यंत मी लेझीम खेळले होते, चांगली खेळत होते. आठवीत सोडली. घरी सांगितलं, कंटाळा आला.

“माझंच वाक्य,” मी म्हटलं, आणि तिथे मला रडू आलं.

अफसाना थांबली. “ताई, अजून आठ आहेत. तुम्हीच म्हणालात, एकही सोडू नको.”

“वाच,” मी म्हटलं. माझीच सूचना मला मोडता येत नव्हती. ती वाचत गेली आणि मी उभीच राहून ‘माझंच वाक्य, माझंच वाक्य’ म्हणत गेले. कोणीही हसलं नाही. तीच वाक्यं, ज्यांना हे तिघं डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसले होते. तेवीस चिठ्ठ्या निघाल्या. त्यातल्या अकरा माझ्या. लोंढ्यांच्या सुद्धा इतक्या नव्हत्या.

मी खाली बसले आणि पदराने डोळे पुसले. हळदीने ते आणखीच चुरचुरले. मला लाज वाटत होती. वस्तू दाखवायला निघाले होते आणि सगळ्यात मोठा साठा माझ्याच घरी निघाला होता. आता सर म्हणणार, बघा, तुम्हीसुद्धा चेष्टाच करत होता.

सरांनी चष्मा काढून पुसला. मग त्यांनी विचारलं, “हे तुम्ही का म्हणायचात?”

“दुसरं कोणी म्हणायच्या आत,” मी म्हटलं.

खाली गोदामात कोणीतरी पोतं आपटलं. सरांनी चष्मा डोळ्यांवर चढवला आणि स्वतःशीच बोलावं तसे म्हणाले, “म्हणजे जाडद्वेष आमचा, आणि तो मुरला मात्र तुमच्यात.”

मग पेनाचा आवाज आला. अफसाना उभ्याउभ्याच कोऱ्या चिठ्ठीवर भराभर लिहीत होती. सर तिच्याकडे बघत राहिले, तरी त्यांना उलगडा होईना.

“काय लिहितेस?”

“तुम्ही म्हणाला की वो सर,” लोंढे म्हणाले, आणि त्यांची भडंगाची पुडी खाली पडली. “तो शब्द. मोठ्यानं म्हणाला.”

सर चपापले. मग जे झालं ते बघायला तुम्ही तिथे हवे होता. सरांनी स्वतःचीच उलटतपासणी सुरू केली. मला कोणी म्हणायला लावलं का? नाही. मी तो चिठ्ठीवरून वाचला का? नाही. व्याख्यान देत होतो का? लोंढ्यांनी छातीवर हात ठेवून सांगितलं, अजिबात नाही. शब्द मी सुचवला आहे का? या प्रश्नावर तर मला रडता रडता हसू आलं, कारण आठवडाभर त्याला दाराबाहेर उभं करणारे तेच होते. “वापर स्वाभाविक दिसतो,” शेवटी त्यांनी निकाल दिला, स्वतःच्या विरुद्ध, आणि मग नियमाप्रमाणे उभे राहिले. केळवकर सर ताठ उभे राहून म्हणाले, “माझंच वाक्य.”

त्यांनी चिठ्ठीवर सही केली. शेऱ्याच्या रकान्यापाशी पेन थोडं घुटमळलं. मग त्यांनी आपल्या बारीक अक्षरात लिहिलं, ‘तोपर्यंत वक्त्यास हा शब्द मान्य नव्हता.’

साडेपाचला ‘ज’चा खण बंद झाला. त्यात ‘जाडद्वेष’ होता आणि त्याला एक नाही, दोन अर्थ होते. पहिला, जाड माणसांविषयीची नावड आणि त्यापोटी त्यांना मिळणारी कमीपणाची वागणूक. त्याखाली इचलकरंजीच्या बाईंचं लेझीमचं वाक्य. दुसरा अर्थ सरांनी स्वतः सांगितला आणि मी लिहून घेतला: अशी वागणूक सोसून जाड माणसाच्या मनात स्वतःविषयीच मुरलेली नावड. त्याखाली सरांचं वाक्य. पुढे खंड छापून आला तेव्हा मी एक प्रत इचलकरंजीला पाठवली. बाईंनी कळवलं की वर्गातल्या त्या मुलीने ते पान स्वतः मोठ्याने वाचून दाखवलं, दोन्ही अर्थांसकट. ती पुन्हा पथकात गेली की नाही ते त्यांनी लिहिलं नव्हतं आणि मला विचारायचं धाडस झालं नाही.

या गोष्टीला आता बारा वर्षं झाली. सर चौऱ्याऐंशीचे आहेत, विश्रामबागेत राहतात, आणि भेटायला गेलं की अजून खिशातून चिठ्ठी काढतात. लोंढ्यांनी दम्याचं औषध सुरू केलं, भडंग सोडलं नाही. पण मला त्या सगळ्यातलं जास्त आठवतं ते शुक्रवारनंतरच्या सोमवारचं.

सोमवारी मी जिना चढून आले तर खिडकीखाली बाक नव्हता. तिथे एक नवी खुर्ची होती, सागवानी, रुंद बैठकीची, पाठीला टेका असलेली आणि बिनहातांची. रंधा मारलेल्या लाकडाचा वास हळदीच्या वरताण येत होता. कोणी मागवली ते कोणी सांगितलं नाही. सर मान खाली घालून ‘छ’ची मुद्रितं तपासत होते, पण पान उलटत नव्हते. लोंढे खिडकीबाहेर बघत होते. अफसानाने सवयीने कोरी चिठ्ठी पुढे ओढली होती आणि पेनाचं टोपण काढलं होतं.

मी पिशवी खाली ठेवली. जिभेवर एक वाक्य आलं होतं, चांगलं होतं, तिघंही हसले असते. मी ते गिळलं आणि बसले. खुर्ची हलली नाही, करकरली नाही. मी पाठ टेकली, आठ वर्षांत पहिल्यांदा, आणि पुढ्यातला गठ्ठा उघडला.

अफसानाने पेनाला टोपण लावलं. त्या दिवशी माझ्या नावाची एकही चिठ्ठी झाली नाही.